सग्वारो निवडुंग : पावसाळ्याआधीची लागवड आणि मुळांची निगा

सग्वारो हा सोनोरा वाळवंटातला महाकाय निवडुंग. अमेरिकेतले अॅरिझोना आणि मेक्सिकोतले सोनोरा या दोन राज्यांत तो प्रामुख्याने आढळतो. पूर्ण वाढलेले झाड १२ मीटरपर्यंत उंच होते, दीडशे वर्षांहून अधिक जगते आणि पाण्याने भरले की त्याचे वजन दीड-दोन टनांवर जाते. एवढा भार पेलणारी बहुतेक मुळे मात्र जेमतेम १० ते १५ सेंटिमीटर खोल असतात. झाड जितके उंच, साधारण तितक्या अंतरापर्यंत ती चहूबाजूंनी पसरतात. मधले सोटमूळ तेवढे ६० सेंटिमीटरच्या खाली जाते. पाणी देणे, खणणे, झाड हलवणे यांतला प्रत्येक निर्णय मुळांचा हा उथळ पसारा लक्षात घेऊनच करावा लागतो.

अॅरिझोनातल्या टुसॉन परिसरात वर्षाकाठी सुमारे ३० सेंटिमीटर पाऊस पडतो आणि त्यातला निम्म्याच्या आसपास जुलै ते सप्टेंबरच्या वळवासारख्या सरींतून येतो. अशा सरीने वरचा थरच भिजतो आणि तोही लवकर वाळतो. म्हणून सग्वारोची मुळे वरच्या थरातच थांबतात. माती भिजली की त्यांना काही दिवसांत बारीक तंतुमुळे फुटतात आणि माती सुकल्यावर ती गळून जातात. शोषलेले पाणी खोडात साठते. खोडावरच्या उभ्या धारा पेटीच्या भात्यासारख्या उलगडतात आणि मिटतात. दोन धारांमधली खाच खोल दिसली तर झाड तहानलेले आहे, ती उथळ झाली असेल तर पोट भरलेले आहे. भरलेल्या झाडाला आणखी पाणी दिल्यास साल उभी तडकते, म्हणून पाणी सोडण्यापूर्वी धारा पाहाव्यात.

बियांसाठी जूनअखेरीस पिकलेली फळे घ्यावीत. एका फळात दोन हजारांपर्यंत काळ्या बारीक बिया असतात. गर धुऊन काढून बिया निचऱ्याच्या, खडी मिसळलेल्या मातीवर पसराव्यात. त्या पुरू नयेत, कारण उगवणीसाठी त्यांना उजेड लागतो. पहिल्या वर्षाअखेर रोप अर्धा-पाऊण सेंटिमीटरचे असते. रानात सात-आठ वर्षांनीही ते तीन-चार सेंटिमीटरपलीकडे क्वचितच जाते. रोपवाटिकेत वाढ बरीच लवकर होते, तरी घाई उपयोगाची नाही. फुले यायला साधारण ३५ वर्षे आणि पहिली फांदी फुटायला ५० ते ७५ वर्षे लागतात. कोरड्या भागात फांदीसाठी शंभर वर्षेही जातात.

लहान रोप उघड्यावर लावू नये. रानात ते पालो व्हर्डे, आयर्नवुड किंवा मेस्कीटच्या सावलीतच तगते. ही झाडे दुपारचे ऊन अडवतात, थंडीत रात्रीचा गारठा कमी करतात आणि कुरतडणाऱ्या प्राण्यांपासून रोप लपवतात. अंगणात असे झाड नसेल तर पहिला उन्हाळा शेडनेट बांधावी.

झाड हलवायचे असेल तर माती तापलेली असताना, म्हणजे एप्रिलच्या मध्यापासून पावसाळा सुरू होईपर्यंत हलवावे. शक्यतो दीड मीटरच्या आतले झाड निवडावे, कारण फांद्या फुटलेले झाड जगण्याची खात्री फार कमी असते. खणण्यापूर्वी दक्षिणेकडच्या बाजूवर खडूने खूण करावी आणि लावताना तीच बाजू दक्षिणेला ठेवावी. सावलीतली कोवळी साल अचानक उन्हाकडे आली की भाजते आणि तो डाग आयुष्यभर राहतो. तुटलेल्या मुळांवर गंधकाची भुकटी लावून ती सावलीत सुकू द्यावीत. झाड पूर्वीइतक्याच खोलीवर लावून लाकडी टेकूंनी आधार द्यावा. मुळांच्या जखमा भरेपर्यंत पाणी देऊ नये. ओल्या जखमेतून कूज शिरते आणि बहुतेक झाडे इथेच गमावली जातात. मोठे झाड मुळे मेल्यावरही साठवलेल्या पाण्यावर काही वर्षे हिरवे दिसते, त्यामुळे नुसत्या हिरवेपणावर समाधान मानू नये.

अॅरिझोनात रानातला सग्वारो परवान्याशिवाय उपटणे कायद्याने गुन्हा आहे. झाड विकत घेताना राज्याच्या कृषी विभागाचा टॅग तपासावा. फिनिक्स-टुसॉन भागात घर घेतलेल्या मराठी कुटुंबांनीही हे ध्यानात ठेवावे.

रुजलेल्या मोठ्या झाडाला एरवी पाणी लागत नाही. पावसाळा कोरडा गेला तर मात्र महिन्यातून एकदा, खोडापासून दूर, मुळांच्या घेरात सावकाश पाणी मुरवावे. फिनिक्समध्ये २०२३ च्या जूनअखेरीपासून पारा सलग ३१ दिवस ४३ अंश सेल्सिअसवर गेला, रात्रीही गारवा मिळाला नाही आणि अनेक सग्वारो कोसळले. सग्वारो श्वासरंध्रे रात्री उघडतो, त्यामुळे तापलेल्या रात्री त्याला दिवसाच्या उन्हाइतक्याच घातक ठरतात. हिवाळ्यात पाणी पूर्ण बंद ठेवावे आणि कडाक्याच्या रात्री लहान रोपाचा शेंडा कापडाने झाकावा.

खोडावर काळपट, पाझरणारा डाग दिसल्यास जिवाणूजन्य कूज समजावी. स्वच्छ सुरीने सडका भाग निरोगी गरापर्यंत कोरावा, जखम दहा टक्के ब्लीचच्या पाण्याने धुवावी आणि उघडीच वाळू द्यावी. सुतारपक्ष्याने केलेली भोके मात्र बुजवू नयेत. झाड आतून टणक अस्तर धरून ती स्वतःच बंदिस्त करते.

सर्वांत मोठा धोका गवताचा आहे. महाराष्ट्रात गुरांसाठी लावले जाणारे अंजन गवत चाऱ्यासाठीच तिकडे नेले गेले आणि आता ते सोनोराच्या रानात मोकाट पसरले आहे. वाळल्यावर ते भडकते आणि सग्वारोला आगीची सवयच नाही. झाडांभोवतीचे हे गवत पावसाळ्यात माती मऊ असताना, बी धरण्याआधी मुळासकट उपटून पिशवीत भरावे. उपटताना फावड्याचा घाव सग्वारोच्या १५ सेंटिमीटरच्या आतल्या मुळांवर बसू देऊ नये.