लोणार : नाव आणि नकाशा

नाव आधी येते की नकाशा, हा प्रश्न आम्ही इतिहासाच्या तासाला विद्यार्थ्यांना विचारीत आलो आहोत. पश्चिम अंटार्क्टिकात बर्फाच्या विशाल नद्या, म्हणजे हिमप्रवाह, समुद्राकडे सरकतात. तेथे वस्ती नव्हती, म्हणून नावेही नव्हती. संशोधकांनी विमानातून रेडिओलहरी सोडून बर्फाची जाडी मोजली आणि त्या प्रवाहांना ‘ए’, ‘बी’, ‘सी’ अशी अक्षरे दिली. पुढे त्यांना मर्सर, व्हिलन्स, कँब या अभ्यासकांची नावे मिळाली.

आपल्या बुलढाणा जिल्ह्यातील लोणारचे मात्र उलट झाले. ‘लोण’ म्हणजे मीठ. सरोवराच्या काठचे क्षार वेचणाऱ्या माणसांचा अनुभव या नावात साठला आहे. पुराणाने ते लवणासुराच्या वधाशी जोडले. १८२३ साली अलेक्झांडर या ब्रिटिश अधिकाऱ्याने या स्थळाची नोंद केली. सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचे हे विवर दीर्घकाळ ज्वालामुखीचे मानले जाई. १८९६ साली गिल्बर्ट यांनी अ‍ॅरिझोनातील विवराशी त्याचे साम्य दाखविले. १९७३ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनात प्रचंड आघातानेच घडणारी मॅस्केलिनाइट ही काच येथील खडकात आढळली आणि अशनिपाताचा निष्कर्ष पक्का झाला.

अभ्यासकांची नावे ग्रंथांत राहिली. क्षार वेचणाऱ्यांची नावे आमच्या वाचनात कोठेही आली नाहीत. म्हणून माजी विद्यार्थ्यांना आमचे सांगणे आहे : कथा ऐका, पण पुरावा मागा, आणि आपल्या गावाच्या नावामागे कोणाचे श्रम आहेत, हे वडीलधाऱ्यांना विचारून लिहून ठेवा.