गावाचं नाव बाळाला

धाराशिव,
मार्गशीर्ष शुद्ध पंचमी

चि. बापू आणि सौ. सूनबाई,


बाळाच्या नावांची यादी पोहोचली. नाव एखाद्या जागेवरून हवं, मुलगा असो की मुलगी दोघांना चालावं, आणि सहसा कुणाचं नसावं, अशा तुमच्या अटी. तुमच्या जर्मनीत विचारलं तर मुलगा की मुलगी ते डॉक्टर सांगतात, तरी तुम्ही विचारलं नाहीत, हे मला फार आवडलं. इथे तर ते विचारणंच कायद्याने बंद; म्हणून घरोघरी दोन-दोन नावं काढून ठेवतात. तुम्ही एकातच भागवायचं म्हणता.

आता भीड न ठेवता लिहिते. लडाख आधी खोडा. मोटारसायकलवरून जाऊन आलात, फोटो सुंदर आहेत, पण तिथे तुमचं आहे कोण? मूल बोलायला लागलं की पहिल्यांदा हेच विचारणार, आपण तिथले का? सह्याद्री भारदस्त आहे, पण त्यातला ‘ह्य’ तिकडच्या बालवाडीत टिकायचा नाही, वर्षभरात त्याचा ‘साया’ होईल. एलोरा म्हणजे आपल्या वेरूळचं साहेबी रूप. रेवा गोड आहे, पण आता गल्लोगल्ली रेवा आहेत, आणि ऐकणारा मुलगीच समजणार. मेरूला माझी हरकत नाही. मुंबईकर पाहुण्यांना त्याच नावाची टॅक्सी आठवेल, एवढंच.

गावाचं नाव माणसाला देणं हे काही तुमच्या पिढीचं नवं खूळ नव्हे. मराठवाड्यातल्या जुन्या बायकांची नावं आठव: काशीबाई, गयाबाई, मथुराबाई, द्वारकाबाई, प्रयागबाई. त्यांतल्या बहुतेकींनी ते गाव जन्मात पाहिलं नाही. आईबापाला यात्रा घडायची नव्हती, म्हणून यात्रेचं ठिकाणच पाळण्यात आणून ठेवलं. पुरुषांची नावंही तशाच ठिकाणांची, पण गंमत पाहा: काशीनाथ, द्वारकानाथ, पंढरीनाथ. बाईला गाव मिळालं आणि पुरुषाला गावाची मालकी! तुम्ही दोघांना चालेल असं एकच नाव शोधताय, त्यात हा जुना हिशेब थोडा तरी चुकता होतो, म्हणून माझा तुमच्या बेताला पाठिंबा आहे.

मात्र ‘दोघांना चालेल’ याची फार धास्ती घेऊ नका. आपल्या बोलण्यात नदी ती, डोंगर तो आणि गाव ते. बाळही आधी ‘ते’च असतं. म्हणून नद्या-डोंगर सोडून गावांकडे वळा, अर्धं काम तिथेच होतं. पुढे मूल शाळेतून ‘आला’ की ‘आली’ हे क्रियापद सांगेलच, नावाने कशाला सांगायचं? शिरीष पै आणि शिरीष कणेकर, सुहास जोशी आणि सुहास शिरवळकर. मराठी वाचकाचा कधी घोटाळा झाला का? आणि तुमच्या जर्मनीतला अडसर तर आपल्याच एका नावाने दूर केलाय. भारताशी नातं असलेल्या एका घरात मुलीचं नाव किरण ठेवायचं ठरलं. नोंदणी कार्यालय म्हणालं, यावरून मुलगी कळत नाही, जोडीला दुसरं नाव द्या. आईवडील हटले नाहीत. प्रकरण थेट कार्ल्सरुहच्या घटना न्यायालयात गेलं आणि डिसेंबर २००८मध्ये निकाल लागला: नावातून लिंग कळलंच पाहिजे असा कायदा नाही, मुलाच्या हिताला बाध येत नसेल तर नाव ठेवू द्या. कार्यालयात कुणी भुवई उंचावलीच, तर हे सांग.

दुर्मीळपणाबद्दल मात्र मी कडक आहे. इतकी वर्षं शाळेत हजेरी घेतली, नावांच्या लाटा येताना पाहिल्या. प्रत्येक आईला वाटायचं, हे नाव फक्त माझ्याच लेकराचं. आणि जूनमध्ये एकाच बाकावर तशी दोन बसायची. त्याहून वाईट म्हणजे जुळवून केलेली नावं, आईचं पहिलं अक्षर, बाबांचं शेवटचं. ती दुर्मीळ असतात, कबूल, पण त्यांच्यामागे काहीच नसतं. विस्मरणात गेल्यामुळे दुर्मीळ झालेलं नाव मला चालेल, घडवून आणलेलं नाही.

आणखी एक धोका तुमच्या ध्यानात आलेला दिसत नाही. जागा जिवंत असते, तिचं पुढे काय होईल ते आपल्या हातात नसतं. किल्लारी! उच्चारून बघा, किती लाडकं नाव आहे. पण ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटेनंतर आमच्या भागात ते नाव कुणी बाळाला देईल का? कोयनेचंही तेच, ११ डिसेंबर १९६७ पाहिलेल्या माणसाला नदीच्या आधी भूकंप आठवतो. आणि कोसळलं काही नाही तरी पाटी बदलते. माझ्या शाळेच्या दाखल्यावर उस्मानाबाद आहे आणि या पत्राच्या वर मी धाराशिव लिहिलंय. जिची बातमी उद्या यायची नाही आणि जिचं नाव उद्या बदलायचं नाही, अशी जागा हवी. अशी जागा आपल्या घरातच आहे.

तगर.

तेर माहीत आहे तुला. आपलं मूळ घर, तेरणेचा काठ, गोरोबाकाकांचं देऊळ, सुटीत तू तिथल्या पांढरीच्या टेकाडांवर मणी वेचायचास. त्या तेरचं प्राचीन नाव तगर. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी एका ग्रीक भाषिक व्यापाऱ्याने समुद्रप्रवासाचं टिपण लिहिलं, ‘पेरिप्लस’ म्हणतात त्याला. त्यात दख्खनच्या बाजारपेठा म्हणून पैठणबरोबर तगरचं नाव आहे. तगरहून साधं कापड आणि मलमल गाड्यांवर लादून, वाट धड नसलेल्या मुलखातून भडोचला जायची आणि तिथून जहाजात. पुढे पेठ मोडली, नाव विरलं. इतकं विरलं की तगर नेमकं कुठे यावर इंग्रजी अमदानीत विद्वानांचे वाद झाले. कुणी देवगिरी म्हणे, कुणी जुन्नर. अखेर १९०१मध्ये फ्लीट नावाच्या विद्वानाने ते तेरला आणून बसवलं. गावातल्या रामलिंगप्पा लामतुरे यांनी हौसेने जमवलेल्या वस्तूंचं आज संग्रहालय आहे, त्यात हस्तिदंताची एक छोटी स्त्रीमूर्ती आहे. तिची जवळची नातलग शोभेल अशी मूर्ती १९३८मध्ये इटलीत पाँपेईच्या राखेखालून निघाली. तेव्हा या मुलखातून युरोपकडे निघालेले तुम्ही काही पहिले नाही.

पण मला सगळ्यात भावते ती शिलाहार राजांची गोष्ट. त्यांचं राज्य ठाण्याला, कोल्हापूरला. तगर त्यांच्या ताब्यात नव्हतंच. तरी शिलालेखांत ते स्वतःला ‘तगरपुरवराधीश्वर’ म्हणवून घेतात, श्रेष्ठ अशा तगर नगराचे स्वामी. कधीकाळी घराणं तिथून निघालं असेल, पिढ्या गेल्या, गाव सुटलं, बिरुद सुटलं नाही. स्टुटगार्टच्या भाड्याच्या घरात मराठी बोलणाऱ्या तुम्हा दोघांना हे मी निराळं समजावून सांगायला नको. (अधीश्वर होण्याचा सोस मात्र सोडा, नुसतं तगर पुरे.)

आता गोरोबाकाकांनी संतांची डोकी थापटून पाहिली होती, तसं या नावालाही थापटून बघते. एक, तगर म्हणजे अंगणातलं पांढरं फूलही, आणि ते ‘ती तगर’ आहे. तेव्हा काही लोक मुलगीच धरतील. शिरीषही फुलाचंच झाड आहे आणि ते नाव दोन्हीकडे रुळलं, म्हणून मी हे मनावर घेत नाही. दोन, आपल्याकडची पोरं ‘तगारी’ म्हणून चिडवतील. चिडवणारी पोरं कुठल्याही नावाचं काहीतरी करतात, पण आधी माहीत असलेलं बरं. तीन, जर्मन माणूस ‘टागार’ म्हणणार. दिवसाला ते ‘टाग’ म्हणतात ना? मग निदान सुरुवात तरी त्यांच्या तोंडची आहे. चार, सांगावं लागेल. प्रत्येक वेळी कुणीतरी ‘म्हणजे काय?’ विचारेल आणि लेकराला उत्तर द्यावं लागेल. त्याचा कंटाळा येणारी मुलंही असतात, हा विचार शांतपणे करा.

हे अगदीच अंगावर आलं, तर प्रयाग घ्या. बाईचं आणि पुरुषाचं, दोन्ही चालत आलंय, संगमाचा अर्थ कुणालाही कळतो, आणि गढवालात अलकनंदेच्या काठी एकापुढे एक पाच प्रयाग आहेत, म्हणजे तुम्हाला फिरायलाही निमित्त. फक्त ती जागा आपली नाही, आणि संगमावरच्या शहराचं नाव २०१८मध्ये बदलल्यापासून त्यावर वादही पुष्कळ झाले.

घाई करू नका. तिथे जन्म आठवड्याच्या आत कळवावा लागतो, पण नाव महिन्याभरात दिलं तरी चालतं, म्हणजे बारावा दिवस आरामात बसतो. बारशाला ताई व्हिडिओवर असली तरी कानात ‘कुर्र’ करायचा मान तिचाच, आत्या ती आहे. मी फक्त तुझी. महाराष्ट्रात १ मे २०२४पासून जन्मलेल्यांच्या सरकारी कागदांवर बाळाच्या नावामागे आधी आईचं नाव येतं, मग वडिलांचं, शेवटी आडनाव. तुमच्या कागदांना तो नियम लागू नसला, तरी त्या क्रमाने चारही नावं मोठ्याने म्हणून बघा. ओळ जिभेवर अडखळली तर नाव बदला, गाव कितीही थोर असो.

एक गोष्ट सूनबाईंना. तेर माझं माहेर आहे, तेव्हा मी पक्षपाती आहे हे उघड. तुमच्या आईच्या आणि आजीच्या गावांची नावं या यादीत एकही दिसली नाहीत. कोकणातली खाडीकाठची गावं म्हणे तुमची. तिथल्या वाड्या, बंदरं, देवराया, कशाचं जुनं नाव काय होतं, ते आजींना फोन करून विचारा. त्यांना ऐकायला कमी येतं म्हणता, तर दुपारी करा, तेव्हा घरात गडबड नसते. तगरहून चांगलं सापडलं तर मी तगरचा शब्दही काढणार नाही. नवी यादी पुढच्या रविवारच्या आत पाठवा; डिंकाचे लाडू घेऊन येणारे गृहस्थ सोमवारी निघतायत, उत्तर त्यांच्याबरोबरच देईन.

तुमची,
आत्या