गोष्टही आपली, चित्रंही आपलीच

प्रश्न : साहसी व्हिडिओ गेमची गोष्ट लिहिणारा आणि चित्रं काढणारा माणूस एकच असू शकतो का? मला दोन्हींची आवड आहे. यावर पोट भरेल का?
– एक वाचक, पोहरादेवी (जि. वाशिम)

उत्तर : असू शकतो. चित्रमय साहसी गेमची सुरुवातच तशी झाली. १९८० साली अमेरिकेत रॉबर्टा विल्यम्स यांनी ‘मिस्टरी हाऊस’चं रहस्य रचलं आणि त्यातली सत्तरएक रेखाचित्रंही स्वतःच काढली. प्रोग्रॅमिंग त्यांचे पती केन यांचं. चित्रं अगदी बाळबोध होती, पण तोवर असे गेम निव्वळ मजकुरावर चालत. १९८४च्या ‘किंग्ज क्वेस्ट’च्या वेळी मात्र रॉबर्टांनी गोष्ट आपल्याकडे ठेवली आणि कुंचला इतरांकडे दिला.

आपल्याकडे पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा ‘राजी : अॅन एन्शंट एपिक’ २०२० मध्ये आला. हरवलेल्या भावाला शोधणारी सर्कशीतली मुलगी ही त्याची नायिका. त्यात मारामारी बरीच आहे, पण बघावीत ती चित्रं : पहाडी चित्रशैलीची छाप आणि गोष्ट पुढे नेणाऱ्या छायाबाहुल्या. कलेची बाजू सहसंस्थापक श्रुती घोष यांची. २०१७ मध्ये किकस्टार्टरवरून पैसे उभारायचा प्रयत्न फसला होता, हेही ध्यानात ठेवा.

आता पोटाचं. नुसत्या लेखकाला नोकरी क्वचित मिळते. चित्रकाराला त्यामानाने सोपं. बंगळूर, हैदराबाद, पुण्याचे कितीतरी स्टुडिओ परदेशी गेमसाठी झाडं, घरं, हत्यारं घडवून देतात. तिथे गोष्ट तुमची नसते, पगार मात्र असतो. माझं मत विचाराल तर आत शिरा चित्रांच्या जोरावर आणि लेखन स्वतःच्या छोट्या गेमसाठी राखून ठेवा.

आणि हे लेखन म्हणजे खटकेबाज संवाद नव्हेत. आधी अडचण रचायची, मग तिची उकल चित्रातच कुठेतरी लपवायची. मिठाच्या गोणी लादलेले बैल, पुढे पूर आलेली नदी, बंजारा तांड्याकडे असलेल्या चार वस्तू. यातली कोणती कुठे वापरायची? लदेणीच्या, म्हणजे बैलांवर माल लादून फिरण्याच्या काळातला असा प्रसंग पुण्यामुंबईच्या लेखकाला पुस्तकांतून शोधावा लागेल. तुमच्या गावात मात्र बंजारा वारशाचं नंगारा संग्रहालय उभं आहे आणि घरोघरी जुनी माणसंही आहेत.

‘अॅडव्हेंचर गेम स्टुडिओ’ हे सॉफ्टवेअर फुकट मिळतं. पहिला गेम तीन खोल्यांचाच करा. तो पूर्ण झालेला दाखवता आला, तर मुलाखतीत अर्ध्या राहिलेल्या महाकाव्यापेक्षा जास्त कामी येईल.