सही खरी, कागद खोटा

मराठवाड्यात मुस्लिम बायकांची पोटगीची प्रकरणं चालवताना तलाकनामा मला बहुतेक वेळा एकाच जागी भेटला आहे, नवऱ्याच्या कैफियतीला जोडलेली झेरॉक्स म्हणून. बाईनं पोटगी मागितली की साहेबांना आठवतं, आपण तर हिला केव्हाच सोडलंय! अशा कागदांनी जे शिकवलं, ते असं.

१. बनावट म्हणण्याआधी कागद खरा धरून बघा. खरा असला तरी त्यानं तलाक सिद्ध होतो का? २००२ साली मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं दगडू पठाण प्रकरणात आणि त्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयानं शमीम आरा प्रकरणात सांगितलं की नुसतं 'तलाक दिला होता' असं लिहून भागत नाही. सबळ कारण होतं, दोन्ही घरांकडून समेटाचा प्रयत्न झाला आणि तलाक खरोखर उच्चारला, हे पुराव्यानं दाखवावं लागतं. ते दाखवायचं नवऱ्यानं. बाईचा वकील उगाच हे ओझं स्वतःच्या डोक्यावर घेतो.

२. मूळ प्रत मागा, तीही लेखी अर्जानं. पेनाचा दाब झेरॉक्समध्ये उतरत नाही, त्यामुळे हस्ताक्षरतज्ज्ञही तिच्यावरून ठाम मत देत नाहीत. मूळ कागद 'घर बदलताना गहाळ' झाला असेल तर तेही शपथपत्रावर येऊ द्या.

३. सहीआधी मुद्रांक पाहा. माझा सगळ्यात जास्त विश्वास यावर आहे. पाठीमागे अनुक्रमांक, तारीख, घेणाऱ्याचं नाव आणि विक्रेत्याची सही असते, आणि विक्रेत्याकडे नोंदवही असते. एका प्रकरणात मुद्रांकावर मार्चची तारीख होती. नोंदवहीत तोच क्रमांक जूनमध्ये निघाला, भलत्याच माणसाच्या नावावर, शेतीच्या इसारपावतीसाठी. मुलीचे वडील बाहेर येऊन म्हणाले, "वकीलसाहेब, म्हणजे आमच्या पोरीचा तलाक अन् त्याच्या जमिनीचा इसार एकाच कागदावर?" नोटरीचा शिक्का असेल तर त्याचंही रजिस्टर साक्षीला बोलवा. नोटरीच्या शिक्क्यानं तलाक होत नाही, हे मात्र अजून कित्येकांना पटत नाही.

तारखेमागचा हेतूही बघावा. १९ सप्टेंबर २०१८ पासून एका दमात दिलेला तिहेरी तलाक गुन्हा आहे, तीन वर्षांपर्यंत कैद. त्यामुळे त्याआधीची तारीख घातलेला कागद दिसला की मी तो दोनदा वाचते.

४. खुलानाम्याचं दुखणं वेगळं. तलाकनाम्याला बायकोची सही लागत नाही, खुल्यात मात्र मागणी तिची असते आणि बहुधा मेहरही तीच सोडते. म्हणून तिथं सही खरी असते, मजकूर मागाहून भरलेला. 'बँकेच्या कामासाठी' म्हणून कोऱ्या कागदावर घेतलेली सही! अशा बायका कबूल करतात, "सही माझीच आहे," आणि सगळं हरल्यासारख्या बसतात. पण दुसऱ्याच्या सहीचा कोरा चेक कपटानं भरणं म्हणजे बनावटगिरी, हे उदाहरण भारतीय दंड संहितेच्या कलम ४६४ खाली कायद्यानंच दिलं होतं. आता ती तरतूद भारतीय न्याय संहितेच्या कलम ३३५ मध्ये आहे.

५. तुलनेसाठी सह्या त्याच काळातल्या द्या: बँकेचा फॉर्म, बचत गटाचं रजिस्टर, निकाहनामा. कोर्टात बसून केलेली सही घाबरलेली असते.

६. पोलीस की कोर्ट? कागद कोर्टात येण्याआधीच बनला असेल, तर थेट फिर्याद करता येते. इक्बालसिंग मारवा प्रकरणात (२००५) सर्वोच्च न्यायालयानं हा घोळ मिटवला. ठाण्यात 'घरगुती भांडण आहे' म्हणून परत पाठवलं तर लेखी तक्रार पोलीस अधीक्षकांकडे, मग न्यायदंडाधिकाऱ्याकडे. शपथपत्रातल्या खोट्यासाठी मात्र त्याच न्यायालयाकडे अर्ज करावा लागतो, पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम ३४०, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं ३७९.

७. दस्त रद्द करून मागायला खोटेपणा कळल्यापासून तीन वर्षं मिळतात. वैवाहिक दर्जा ठरवून देणं कौटुंबिक न्यायालयाच्या अखत्यारीत येतं, म्हणून 'मी अजून पत्नीच आहे' हे जाहीर करून तिथंच मागावं.

८. या सगळ्यात पोटगीचा अर्ज थांबू देऊ नका. समोरचा वकील 'तज्ज्ञांचा अहवाल येऊ द्या' म्हणत तारखा घेतो आणि घरात पोरांची फी थकते. अंतरिम पोटगी आधी मागा. तलाक खरा ठरला तरी घटस्फोटित मुस्लिम स्त्रीला पोटगी मागता येते, हे २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तेलंगणातल्या एका प्रकरणात पुन्हा स्पष्ट केलं आहे.