आलेक्सांद्रियांतील एक यहूदी घराणें
(प्रेषितांचीं कृत्यें या पुस्तकाच्या अभ्यासकांसाठीं एक पाठ)

प्रेषितांचीं कृत्यें हें पुस्तक लक्षपूर्वक वाचणाऱ्यास एक गोष्ट सहज दिसून येते. पौल ज्या ज्या नगरांत जातो, त्या त्या नगरांत बहुधा यहूदी लोकांचें सभास्थान अगोदरच असतें. पिसिदियांतील अंत्युखिया, इकुन्य, थेस्सलनीका, बिरुया, करिंथ, इफिस, हीं सर्व नगरें यरुशलेमेपासून किती दूर! तेथील भाषा परकी, देव परके, उत्सव परके. मग हे यहूदी तेथें कसे राहत होते? शेजाऱ्यांपासून त्यांनीं काय घेतलें आणि काय घेण्याचें नाकारलें? ज्या वाचकांचें घर गांवांत एकटें आहे, किंवा ज्यांची मंडळी चार-पांच घरांचीच आहे, त्यांस हा प्रश्न केवळ जुन्या इतिहासाचा वाटणार नाहीं. आज आपण एका खऱ्या घराण्याच्या हकीकतीवरून त्याचा विचार करूं.

१. नगर आणि भाषा

मिसर देशाच्या किनाऱ्यावर शिकंदर बादशहानें इ. स. पू. ३३१ मध्यें आलेक्सांद्रिया हें नगर वसविलें. अपुल्लोस याच नगरचा, हें कृत्यांच्या अठराव्या अध्यायावरून आपणांस ठाऊक आहे. त्याच्या पुढील राजांच्या अमदानींत पुष्कळ यहूदी लोक मिसरांत येऊन राहिले. कोणी शिपाई म्हणून, कोणी युद्धांतील बंदिवान म्हणून, कोणी उदीमासाठीं. मिसराच्या कोरड्या वाळूंत लव्हाळ्याच्या कागदांवरील जुने लेख टिकून राहिले आहेत. त्यांत यहूदी शेतकरी, मेंढपाळ, कुंभार व शिपाई भेटतात. ते कर्ज काढतात, जमीन खंडानें घेतात, आणि शेजाऱ्यांशीं भांडणतंटेहि करितात. आलेक्सांद्रियाचे पांच भाग होते; त्यांपैकीं दोन भागांत मुख्यत्वें यहूदी वस्ती होती, आणि बाकीच्या भागांतहि त्यांचीं घरें होतीं.

कांहीं पिढ्यांतच या लोकांची घरांतील भाषा ग्रीक झाली. मुलांस इब्री समजेना. तेव्हां धर्म सोडावा कीं मुलांवर न समजणारी भाषा लादावी? त्यांनीं तिसरा मार्ग धरिला. इ. स. पू. तिसऱ्या शतकांत मोशेच्या नियमशास्त्राचें ग्रीक भाषांतर झालें. बहात्तर वडिलांनीं तें केलें अशी कथा पुढें प्रचलित झाली, म्हणून त्यास सत्तरांचें भाषांतर म्हणतात. त्याच्या स्मरणार्थ बंदरासमोरील फारोस बेटावर दरवर्षीं सण होई, आणि त्यास यहूद्यांखेरीज इतर लोकहि येत. नव्या करारांत जुन्या करारांतील जे उतारे आहेत, त्यांपैकीं पुष्कळ याच भाषांतरांतून घेतलेले आहेत.

२. नांवें

भाषेबरोबर नांवेंहि बदललीं. यहूदी मुलांचीं थियोदोतस, दोसिथेयस अशीं नांवें ठेवण्यांत येऊं लागलीं. हीं नांवें ग्रीक खरीं, पण दोहोंत देवानें दिलेला असाच अर्थ आहे. अपुल्लोस हें नांव तर अपोलो नांवाच्या ग्रीक देवावरून आलेलें, तरी तें धारण करणारा मनुष्य शास्त्रांत पटाईत यहूदी होता. मिसराच्या पूर्वेकडील वाळवंटांत पान नांवाच्या ग्रीक देवाचें एक देऊळ आहे. तेथील खडकावर दोन यहूदी वाटसरूंनीं आपापले लेख कोरिले आहेत. समुद्रावरून सुखरूप परत आलेला थियोदोतस देवाची स्तुति करितो आणि आपण यहूदी आहों असें स्पष्ट लिहितो. परंतु पान देवाचें नांव घेत नाहीं. देवळाच्या जागीं थांबावें कीं नाहीं, याबद्दल मतभेद होईल. पण स्तुति कोणाची करावयाची याविषयीं त्याच्या मनांत गोंधळ नव्हता.

अशीच गोष्ट आपल्या कोंकणांत घडली आहे. नवगांवच्या किनाऱ्याजवळ गलबत फुटून आपले पूर्वज येथें आले, असें बेने इस्राएल लोक परंपरेनें सांगत आले आहेत. त्यांनीं मराठी भाषा घेतली, गांवांवरून आडनांवें घेतलीं, आणि घाणा चालविण्याचा धंदा केला. परंतु शनिवारीं घाणा बंद ठेविला, म्हणून शेजारी त्यांस शनवार तेली म्हणूं लागले. मुंबईंत १७९६ सालीं ज्यानें त्यांचें पहिलें सभास्थान बांधिलें, तो शमुवेल यहेज्केल दिवेकर लोकांत सामाजी हसाजी या नांवानेंहि ओळखला जाई. नांव मराठी झालें. शनिवार मात्र शनिवारच राहिला.

३. सभास्थान

मिसरांत सभास्थानास प्रार्थनास्थान म्हणत. फिलिप्पै येथें नदीकांठीं जेथें लुदिया भेटली, त्या जागेसहि हाच शब्द वापरिला आहे. इ. स. पू. तिसऱ्या शतकांतील कांहीं प्रार्थनास्थानांचे शिलालेख सांपडले आहेत. त्यांत तीं राजा व राणी यांच्या कल्याणार्थ बांधिलीं असें लिहिलें आहे. हें बारकाईनें पाहण्यासारखें आहे. त्या काळीं राजास देव म्हणून पूजीत असत. यहूदी लोकांनीं राजासाठीं प्रार्थना केली, राजाची प्रार्थना केली नाहीं. यरुशलेमेच्या मंदिरांतहि रोमी बादशहासाठीं दररोज दोन वेळां यज्ञ होत असे; पण तो यज्ञ देवालाच अर्पण होई.

सभास्थानांत दर शब्बाथास नियमशास्त्र वाचीत व त्याचा अर्थ सांगत. यरुशलेमेंत सांपडलेल्या एका ग्रीक शिलालेखांत थियोदोतस नांवाच्या याजकानें सभास्थान कशासाठीं बांधिलें हें लिहिलें आहे: नियमशास्त्र वाचावें, आज्ञा शिकवाव्या, आणि परदेशाहून येणाऱ्या गरजूंस उतरावयास खोल्या व पाणी मिळावें. म्हणजे तेंच पाठशाळा होतें व तीच धर्मशाळा. तेथें परजातीय लोकहि येऊन बसत. त्यांस देवाचें भय बाळगणारे म्हणत. कर्नेल्य व लुदिया अशांपैकींच. आशियांतील आफ्रोदिसिया या नगरीं १९७६ सालीं एक मोठा शिलालेख सांपडला. त्यांत यहूद्यांच्या नांवांबरोबर अशा देवभीरु लोकांचीं पन्नासांहून अधिक नांवें आहेत, आणि त्यांत नऊ जण नगरसभेचे सभासद आहेत.

४. बादशहाची सवलत

यूलिय कैसर व औगुस्त कैसर यांनीं यहूद्यांस आपल्या रीतीप्रमाणें वागण्याची मोकळीक दिली होती. शब्बाथ दिवशीं त्यांस न्यायालयांत हजर राहण्याची सक्ति नसे. मंदिरासाठीं दरसाल अर्धा शेकेल जमवून यरुशलेमेस पाठविण्यास परवानगी असे. रोम शहरीं गरिबांस सरकारी धान्य वांटीत. वांटणीचा दिवस शब्बाथ आला, तर यहूद्यांचा वांटा दुसऱ्या दिवसापर्यंत राखून ठेवावा असा औगुस्ताचा हुकूम होता. परंतु ही सवलत राजाच्या मर्जीवर आणि शेजाऱ्यांच्या सहनशीलतेवर अवलंबून होती.

५. एक घर, दोन मार्ग

आतां त्या घराण्याकडे वळूं. पहिल्या शतकांत आलेक्सांद्रियांत फिलो नांवाचा एक विद्वान राहत होता. तो ग्रीक तत्त्वज्ञान शिकला होता, मल्लांच्या शर्यती व नाटकें पाहत असे, आणि लिहीत असे तो ग्रीक भाषेंतच. तरी त्याचें जीवितकार्य मोशेच्या ग्रंथांचा अर्थ सांगणें हें होतें. त्याच्या वेळीं कांहीं सुशिक्षित यहूदी म्हणत, शब्बाथाचा व सुंतेचा आध्यात्मिक अर्थ समजला, मग ती बाह्य रीत पाळण्याची गरज काय? फिलोनें उत्तर दिलें कीं, अर्थ हा आत्मा असला तर रीत हें त्याचें शरीर आहे. आत्म्याची काळजी असणाऱ्यानें त्याच्या घराचीहि काळजी घेतली पाहिजे.

त्याचा भाऊ आलेक्सांद्र फार श्रीमंत असून मोठा सरकारी अधिकारी होता. यरुशलेमेच्या मंदिराच्या नऊ दरवाजांस सोन्यारुप्याचा पत्रा त्यानें आपल्या खर्चानें मढविला. त्याचा एक पुत्र मार्क यानें हेरोद अग्रिप्पाची मुलगी बर्णीका हिच्याशीं विवाह केला. कृत्यांच्या पंचविसाव्या अध्यायांत पौलासमोर बसलेली बर्णीका ती हीच. दुसरा पुत्र तिबिर्य आलेक्सांद्र. त्यानें आपल्या पूर्वजांच्या चाली सोडून दिल्या, असें योसीफस इतिहासकार लिहितो.

इ. स. ३८ मध्यें या नगरावर मोठें संकट आलें. फ्लाक्क नांवाचा सुभेदार अधिकारावर असतां जमावानें प्रार्थनास्थानांत बादशहाच्या मूर्ति बसविल्या. यहूदी लोक या नगरांत परके आहेत असें सुभेदारानें जाहीर केलें. त्यांचीं घरें लुटून सर्वांस एका मोहल्ल्यांत कोंडण्यांत आलें. पुष्कळांचे प्राण गेले. त्यांच्या वडीलमंडळींतील अडतीस जणांस नाटकगृहांत लोकांसमक्ष फटके मारिले. पिढ्यान्‌पिढ्या ज्यांनीं ग्रीक नांवें ठेविलीं व ग्रीक भाषा बोलली, त्यांस एका दिवसांत परके ठरविण्यांत आलें.

तेव्हां वृद्ध फिलो समुद्र ओलांडून बादशहा कालिगुला याच्याकडे गाऱ्हाणें घेऊन गेला. बादशहा आपले वाडे पाहत या दालनांतून त्या दालनांत फिरत होता, आणि हे वृद्ध लोक त्याच्या मागें धांवत होते. तुम्ही डुकराचें मांस कां खात नाहीं, असें त्यानें मध्येंच विचारिलें व दरबारी हंसले. न्याय मिळाला नाहीं. इ. स. ४१ मध्यें कालिगुलाचा वध झाला. त्याच्यामागून आलेल्या क्लौद्यानें आलेक्सांद्रियाच्या लोकांस पत्र लिहिलें. त्या पत्राची एक जुनी नक्कल मिसरांत सांपडून १९२४ सालीं छापली गेली. यहूद्यांस आपल्या रीती पाळूं द्याव्या व त्यांच्याशीं सौम्यतेनें वागावें, अशी ताकीद त्यानें नगरवासीयांस दिली. पण यहूद्यांसहि बजाविलें कीं, जें नगर तुमचें नव्हे त्यांत मिळतें तेवढ्यावर संतुष्ट राहा, अधिक मागूं नका. पत्रानें संरक्षण मिळालें. पण परकेपण गेलें नाहीं.

इकडे पुतण्या तिबिर्य चढत गेला. इ. स. ४६ च्या सुमारास तो यहूदीयाचा सुभेदार झाला. अगबानें भाकीत केलेला दुष्काळ त्याच्या अमदानींत यहूदीयांत कडक झाला होता. गालीली यहूदाच्या दोन पुत्रांस त्यानेंच वधस्तंभावर चढविलें. पुढें मिसराचा मुख्य अधिकारी असतां, इ. स. ६६ मध्यें आलेक्सांद्रियांत दंगा झाला, तेव्हां त्यानें प्रथम समजूत घालून पाहिली. ती विफल होतांच आपल्याच लोकांच्या वस्तीवर पलटणी सोडल्या. शेवटीं इ. स. ७० मध्यें तीताच्या सैन्यांत तो मोठ्या अधिकारावर यरुशलेमेच्या वेढ्यास हजर होता. मंदिर वांचवावें असें मत त्यानें सल्लामसलतींत दिलें, असें योसीफस लिहितो. तें वांचलें नाहीं. ज्या मंदिराचे दरवाजे बापानें सोन्यारुप्यानें मढविले, तें जळतांना मुलगा शत्रूच्या छावणींत उभा होता.

६. पुढें काय झालें

मंदिर गेल्यावर जो अर्धा शेकेल देवाच्या घरीं जाई, त्याच्या बदला यहूद्यांवर रोममधील ज्युपितर देवाच्या देवळासाठीं कर बसला. त्या कराच्या पावत्या खापऱ्यांवर लिहिलेल्या मिसरांत सांपडल्या आहेत. इ. स. ११५ ते ११७ या वर्षीं मिसर, कुरेने व कुप्र येथें यहूद्यांचें बंड होऊन तें अति क्रूरतेनें मोडण्यांत आलें, आणि आलेक्सांद्रियांतील ती थोर वस्ती जवळजवळ नष्ट झाली.

तरी यहूदी धर्म नाहींसा झाला नाहीं. रोमच्या भुयारांतील कबरींवर ग्रीक अक्षरांत नांवें व जवळ दीपवृक्षाचें चित्र आजहि दिसतें. सार्दीस नगरांत स्नानगृहें व व्यायामशाळा यांच्या एकाच मोठ्या इमारतींत प्रशस्त सभास्थान होतें. तें १९६२ सालीं उकरून काढण्यांत आलें. मंदिर दगडांचें होतें, तें पाडतां आलें. परंतु दर आठवड्यास वाचलें जाणारें पुस्तक, विसाव्याचा दिवस, घरचें ताट आणि मुलांस दिलेलें शिक्षण, हीं कोणा सेनापतीस पाडतां आलीं नाहींत.

फिलो व तिबिर्य या दोघांनींहि ग्रीक भाषा बोलली, ग्रीक ग्रंथ वाचले, रोमी अधिकाऱ्यांशीं व्यवहार केला. तेव्हां भाषा, नांव किंवा पोषाख यांवरून त्या दोघांतील भेद ओळखतां येणार नाहीं. एकानें परकी विद्या आपल्या लोकांच्या सेवेस लाविली; दुसऱ्यानें आपले लोक आपल्या बढतीमागें टाकिले. तथापि तिबिर्याविषयीं कठोर निकाल देण्याची घाई करूं नये. ज्या नगरांत त्याच्या चुलत्यास परका ठरविलें, तेथें मान मिळविण्याचा दुसरा मार्ग त्यास दिसला नसेल. शेजाऱ्यांनीं दार बंद केलें म्हणजे घरांतील मुलें कोणत्या वाटेनें बाहेर पडतील, हें वडिलांच्या हातीं सर्वस्वीं राहत नाहीं. म्हणूनच घरांतील शिक्षण लवकर व प्रेमानें झालें पाहिजे.

शिक्षकांनीं वर्गांत विचारावयाचे प्रश्न

१. नियमशास्त्राचें ग्रीक भाषांतर करण्याची गरज कां पडली?
२. राजासाठीं प्रार्थना करणें आणि राजाची प्रार्थना करणें यांत काय भेद आहे?
३. थियोदोताच्या शिलालेखाप्रमाणें सभास्थानाचीं तीन कामें कोणतीं? आपल्या मंदिरांत त्यांपैकीं कोणतें होत नाहीं?
४. फिलोनें रीत व अर्थ यांविषयीं कोणता दृष्टांत दिला? तो तुम्हांस पटतो काय?
५. आपल्या गांवांत निराळ्या धर्माचें एखादेंच घर असेल, तर त्याच्याशीं आपण आलेक्सांद्रियाच्या जमावाप्रमाणें वागतों, कीं फारोस बेटावरील सणास येणाऱ्या शेजाऱ्यांप्रमाणें?