लँटर्नफ्लायला घाबरून मेपलला खत घालू नका

सप्टेंबर लागला की न्यू जर्सीतल्या एडिसन, मन्रो, प्लेन्सबरो भागातल्या मराठी घरांतून एकच विचारणा सुरू होते: अंगणातल्या मेपलवर ठिपक्याठिपक्यांचे शेकडो किडे चढलेत, झाडाला जोर यावा म्हणून कोणतं खत घालू? उत्तर एकच आहे. कोणतंही घालू नका.

ही स्पॉटेड लँटर्नफ्लाय. अमेरिकेत ती पहिल्यांदा २०१४ साली पेनसिल्व्हेनियाच्या बर्क्स काउंटीत सापडली आणि २०१८ मध्ये न्यू जर्सीत पोचली. सोंड सालीत खुपसून ती रस शोषते आणि गोड चिकटा टाकत राहते. कोकणात आंब्यावर तुडतुडे पडले की पानं चिकट होतात आणि मागोमाग काळी बुरशी धरते, तोच हा प्रकार. डेक, खुर्च्या, झाडाखाली लावलेली गाडी, सगळं चिकट होतं, त्यावर काजळी चढते आणि गोडाला गांधीलमाशा येतात. लहान मुलं अंगणात खेळत असतील तर हा त्रास साधा नाही. पण झाडाचं म्हणाल तर ही कीड मारते ती द्राक्षवेलीला, ब्लॅक वॉलनटच्या रोपांना आणि ट्री ऑफ हेवनला. वाढलेल्या रेड मेपल, सिल्व्हर मेपल किंवा विलोवर शरद ऋतूत ती ढिगाने बसते, झाडाला ताण येतो, एखादी फांदीही वाळते, पण निरोगी झाड सहसा तग धरतं.

मग झाडं जातात कशाने? मन्रोतल्या एका घरी गेले होते. ऑगस्टमध्ये किडे दिसल्याबरोबर घरधन्याने १०-१०-१० खताची अख्खी गोणी बुंध्याभोवती ओतली होती. पांढरे दाणे सालीच्या भेगांत अडकलेले, भोवतीचं गवत करपून तपकिरी झालेलं, आणि पानांच्या कडा जळल्यासारख्या वाळलेल्या. त्या महिन्यात पाऊस जवळपास नव्हता. कोरड्या मातीत एवढे क्षार पडले की मुळांना पाणी घेणंच अवघड होतं. किडे मात्र होते तिथेच होते. शिवाय मोठ्या झाडाची अन्न घेणारी बारीक मुळं बुंध्याला चिकटून नसतात. ती वरच्या फूट-दीड फूट मातीत, फांद्यांच्या घेराबाहेरपर्यंत पसरलेली असतात. लॉनला तुम्ही दरवर्षी जे खत देता, त्यातला वाटा या झाडाने आधीच घेतलेला असतो. वेगळं जेवण त्याला लागत नाही.

यातली दुसरी बाजू जास्त गंभीर आहे. नत्र दिलं की झाड कोवळी फूट काढतं, रसातलं नत्र वाढतं, आणि रस शोषणाऱ्या बऱ्याच किडींना नेमकं तेच मानवतं. कापसाला युरिया जास्त झाला की मावा-तुडतुडे वाढतात, हे विदर्भातला कुठलाही शेतकरी सांगेल. इथे कनेटिकटमध्ये हेमलॉकच्या झाडांवर प्रयोग झाले, तेव्हा नत्र दिलेल्या झाडांवर लोकरी कीड उलट जास्त फोफावली. अशक्त माणसाला खायला घालावं, हा न्याय झाडाला लावू नका.

आता घरगुती उपायांबद्दल स्पष्टच सांगते. भांड्याच्या साबणाचं पाणी अंगावर पडलेला किडा मारतं हे खरं, पण ते पानंही भाजतं, आणि तासाभरात शेजारच्या झाडावरून दुसरे किडे येतात. ताक, राख, हळद यांनी काही होत नाही. रॉकेल खोडाला चोपडणारे अजून भेटतात. त्याने साल मरते. उघडी चिकटपट्टी खोडाला गुंडाळू नका, तिच्यात पक्षी आणि खारी अडकून मरतात. लावायचाच तर नरसाळ्यासारखा सर्कल ट्रॅप लावा. निओनिकोटिनॉइड गटातली औषधं ऑक्टोबर २०२३ पासून न्यू जर्सीत घरमालकाला अंगणात वापरता येत नाहीत, मधमाश्यांचं नुकसान होतं म्हणून. दुसऱ्या राज्यातून बाटली आणून ओतणं हा बेकायदा प्रकार आहे, तो करू नका.

करायचं काय, तर अंडी शोधा. सप्टेंबरपासून कडाक्याची थंडी पडेपर्यंत मादी अंडी घालते. एका पुंजक्यात ३० ते ५० असतात, वर राखाडी लेप असतो, वाळल्यावर तो भेगाळलेल्या चिखलाच्या डागासारखा दिसतो. खोड, फांद्यांच्या खालची बाजू, दगड, ग्रिल, बागेतल्या खुर्च्यांची बूड, ट्रेलर, कुठेही असतो. जुन्या प्लास्टिक कार्डाने खरवडून झिपच्या पिशवीत हँड सॅनिटायझरमध्ये बुडवा आणि पिशवी बंद करा. जमिनीवर नुसतं खरवडून टाकलेली अंडी उबू शकतात. उंचावरची हाती लागणार नाहीत, त्यासाठी शिडीवर चढू नका. दिवाळीला किंवा थँक्सगिव्हिंगला गाडीने दुसऱ्या राज्यात जाणार असाल, तर निघण्याआधी चाकांचे कोनाडे आणि सामानाचा रॅक तपासा. या भागात कीडबंदी लागू आहे, ती आपल्यालाही लागू आहे.

कुंपणालगत ट्री ऑफ हेवन असेल तर आधी तिकडे बघा. आपल्या महारुखाचा हा चिनी भाऊबंद १७८४ साली शोभेसाठी फिलाडेल्फियात आणला गेला आणि आता रस्त्यांच्या कडेला माजला आहे. लँटर्नफ्लायचं हे आवडतं झाड. पण करवत चालवून मोकळे होऊ नका. नुसतं तोडलं की मुळांतून डझनांनी फुटवे येतात, आणि पुढच्या वर्षी एकाच्या जागी जंगल उभं राहतं. पानं रंग बदलायच्या आत परवानाधारक माणसाकडून खोडाला खाचा पाडून तणनाशक भरून घ्या, झाड वाळल्यावर तोडा.

पैसे खर्च करायचेच असतील तर अ‍ॅशच्या झाडावर करा. न्यू जर्सीत एमराल्ड अ‍ॅश बोरर २०१४ मध्ये ब्रिजवॉटरला सापडला. ही कीड खरोखर झाड मारते, आणि निम्मा शेंडा वाळल्यावर औषध देऊन उपयोग नसतो.

पिवळ्या पानांना खत हाही एक हट्टच. ब्रिजवॉटरमध्येच एका पिन ओकची पानं पिवळी आणि शिरा तेवढ्या हिरव्या होत्या. लॉनवाला दर वसंतात चुना टाकत होता, शेजारी काँक्रीटचा ड्राइव्हवे होता. मातीचा सामू चढला होता आणि लोह असूनही मुळांना मिळत नव्हतं. त्या घरी दोन वर्षं नत्र घातलं गेलं. चुना थांबवून गंधक दिल्यावर, पुढच्या मोसमातल्या नव्या पानांत हिरवेपणा दिसला. परीक्षण न करता खत घालणं म्हणजे पैसे गटारात ओतणं. न्यू जर्सीत लॉनला स्फुरद देण्यावर कायद्याने बंधन आहे, त्यालाही माती परीक्षणाचा अहवालच लागतो.

म्हणून ऑक्टोबरमध्ये अंगणातल्या दहा-बारा ठिकाणची माती एकत्र करून रटगर्सच्या माती परीक्षण प्रयोगशाळेत पाठवा. यंदा लावलेल्या रोपाला वर्षभर खत नको. पाऊस नसेल तर आठवड्यातून एकदा खोलवर पाणी द्या. आच्छादन दोन-तीन इंचच घाला आणि बुंध्यापासून चार बोटं दूर ठेवा. बुंध्याशी रचलेला ढीग आजच ओढून काढा, त्याखाली साल कुजते. लॉनचं खत १५ नोव्हेंबर ते १ मार्च या काळात टाकायला बंदी आहे, तेव्हा अहवालात खत सुचवलं असेल तर तारीख बघूनच टाका. अहवाल येईपर्यंत गोणी गॅरेजमध्येच राहू द्या.