दिसतं, पण ऐकू येत नाही

जुन्या फिल्म्समध्ये पुढारी एवढे तुरुतुरु का चालतात, हा प्रश्न कधी ना कधी पडतोच. उत्तर आपल्याच विषयातलं आहे. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवायचे, सेकंदाला साधारण १६ फ्रेम्स. बोलपट आले आणि स्पीड २४ झाला. १६ ची फिल्म २४ ने दाखवली, की दीड मिनिटाची मिरवणूक एका मिनिटात संपते! शिवाय त्या फिल्मला लाल रंग कळत नसे; लाल पगडी काळी दिसे.

१८९६ मध्ये मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंचे खेळ झाले. पुढे फोटोग्राफर हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी विलायतेहून कॅमेरा मागवला. डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजचे सीनियर रँग्लर र. पु. परांजपे मायदेशी परतले, तेव्हाचं स्वागत त्यांनी टिपलं. भारतीयाने काढलेला पहिला वृत्तपट म्हणून त्याचं नाव घेतात. साहेबाच्या देशात गणितात पहिला आलेला आपला माणूस! तिथे शब्दांची गरज नव्हती, गर्दीच पुरेशी होती.

पण प्रत्येक सभेचं तसं नसतं. माझ्या इंग्लिश मीडियमच्या हिस्ट्रीच्या पुस्तकात टिळक होते, पण नगर नव्हतं. ३१ मे आणि १ जून १९१६ रोजी लोकमान्य टिळकांची स्वराज्यावर इथे, आताच्या अहिल्यानगरला, दोन भाषणं झाली. सरकारने ती पोलिसांच्या शॉर्टहँडमध्ये उतरवून घेतली. ही दोन आणि बेळगावचं एक, अशा तीन भाषणांवरून पुण्याच्या मॅजिस्ट्रेटने त्यांच्याकडून २०,००० रुपयांचा जातमुचलका आणि प्रत्येकी १०,००० चे दोन जामीन मागितले. हायकोर्टात बॅरिस्टर जीनांनी बाजू मांडली. कोर्टाने भाषणं सलग, पूर्ण वाचली आणि नोव्हेंबर १९१६ मध्ये तो हुकूम रद्द केला.

आता कल्पना करा, या सभेची फक्त मूक फिल्म असती तर? वर गेलेला हात, हलणारे ओठ, टाळ्या. त्यावरून राजद्रोहही सिद्ध झाला नसता आणि निर्दोषपणाही नाही.

मला वाटतं, हा धडा आजही लागू आहे. आपणही मोबाईलवर पुढाऱ्याची क्लिप आवाज बंद ठेवून बघतो आणि खाली कुणीतरी लिहिलेली ओळ खरी मानतो. तेव्हा फॉरवर्ड करण्याआधी तीन गोष्टी बघा : स्पीड कोणता, कॅमेरा कोणाचा, आणि पूर्ण भाषण कुठे आहे?